निकाल आला, याचिका निकाली

विद्यार्थी आमच्या ऑफिसात येतात ते मार्कांचं भांडण घेऊन. फोल्डर उघडतात, उत्तरपत्रिकेची झेरॉक्स टेबलावर पसरतात आणि लाल पेनाच्या खुणांवर बोट ठेवतात. ‘मॅडम, हे डेरिव्हेशन बघा. सगळ्या स्टेप्स आहेत, आकृती आहे, तरी सातपैकी दोन.’ सोबत आलेल्या वडिलांना त्यातलं फारसं कळत नसतं, पण मुलगी जिथे बोट ठेवते तिथे तेही वाकून बघतात. मी झेरॉक्स बाजूला सारते आणि पावती मागते. पुनर्मूल्यांकनाची फी कोणत्या तारखेला भरली? आणि पुढचं काय अडलंय? एम.एस्सी.चा प्रवेश, हिवाळी परीक्षेचा फॉर्म, नोकरीतली कागदपत्रांची पडताळणी, जे असेल त्याची शेवटची तारीख कोणती? पोरांचे चेहरे पडतात. वकीलबाईंना आपलं उत्तर वाचायचंच नाही, असं त्यांना वाटतं.

त्यांना वाटतं ते खरंच आहे. उत्तर मी वाचलं आणि ते बरोबर आहे असं मला पटलं, तरी औरंगाबाद खंडपीठात उभं राहून मी सातपैकी पाच मागू शकत नाही. तो रस्ता महाराष्ट्रातल्याच एका प्रकरणानं बंद केला. माध्यमिक व उच्च माध्यमिक मंडळाचा नियम होता की उत्तरपत्रिका दाखवणार नाही, पुन्हा तपासणार नाही, फार तर बेरीज पडताळून देऊ. मुंबई उच्च न्यायालयानं विद्यार्थ्यांच्या बाजूनं कौल दिला. मंडळ सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि १९८४ मध्ये परितोष भूपेशकुमार शेठ प्रकरणात तो कौल उलटला. नियमात तरतूद नसेल तर पुनर्मूल्यांकन हा हक्क नाही, आणि परीक्षेच्या बाबतीत शिक्षणतज्ज्ञांच्या जागी न्यायाधीशांनी बसू नये, असं न्यायालय म्हणालं. २०११ मध्ये सीबीएसई विरुद्ध आदित्य बंदोपाध्याय प्रकरणात थोडी खिडकी उघडली. तपासलेली उत्तरपत्रिका माहिती अधिकारात येते, ती पाहता येते, तिची प्रत घेता येते. पण पाहता येते म्हणून मार्क मागता येत नाहीत. डिसेंबर २०१७ मध्ये रणविजय सिंह प्रकरणात पुन्हा सगळं नीट मांडून ठेवलं आहे: पुनर्मूल्यांकनाचे आदेश देताना सहानुभूतीला जागा नाही, आणि शंका उरलीच तर तिचा फायदा परीक्षा घेणाऱ्याला. विद्यापीठाच्या पॅनलवरचे वकील हा निवाडा बॅगेत ठेवूनच फिरतात.

मार्कांवर इतका कायदा साचला आहे. उशिरावर मात्र जवळपास नाही. मी हे काम करते तेव्हापासून मला या एका गोष्टीचं नवल वाटत आलं आहे, आणि त्याचं कारण मला कायद्याच्या पुस्तकात नाही, माझ्याच कपाटातल्या फायलींत सापडलं.

उशिराची याचिका दिसायला सोपी असते. विद्यापीठानं स्वतःच्या नियमानं पुनर्मूल्यांकन देऊ केलं, फी घेतली, मुदत जाहीर केली आणि मुदत पाळली नाही. इथे न्यायालयाला लाल पेन हातात घ्यायचं नसतं. अनुच्छेद २२६ खाली इतकंच मागायचं असतं की तुमचं ठरलेलं काम अमुक तारखेपर्यंत करा. मूळ निकालासाठी महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, २०१६ मध्ये मुदत आहे. तीस दिवसांत लावण्याचा प्रयत्न करायचा, पंचेचाळीस दिवसांत लावायचाच, आणि नाही जमलं तर कारणांचा अहवाल कुलपतींकडे पाठवायचा. पुनर्मूल्यांकनाची मुदत बहुतेक वेळा विद्यापीठाच्या परिपत्रकात असते. ती मोडली तर काय, हे मात्र त्या परिपत्रकात मला कधी वाचायला मिळालं नाही.

आमच्याकडे हा हंगाम पोळ्यापासून दिवाळीपर्यंत चालतो. उन्हाळी परीक्षा एप्रिल-मेमध्ये. निकाल जून-जुलैत. मग झेरॉक्ससाठी अर्ज, ती हातात आली की पुनर्मूल्यांकनाचा अर्ज, तो कॉलेजमार्फत विद्यापीठात. तोवर ऑगस्ट संपत येतो. पदव्युत्तर प्रवेशाच्या फेऱ्या तेव्हा शेवटाला आलेल्या असतात आणि हिवाळी परीक्षेचे फॉर्म सुटायच्या बेतात असतात. म्हणजे ज्या पेपरात आपण पास आहोत असं मुलगा म्हणतोय, त्याच पेपराचा नापास म्हणून फॉर्म भरायचा. नाही भरला आणि रिव्हॅलमध्ये मार्क वाढले नाहीत, तर सहा महिने गेले. भरला आणि वाढले, तर फीचे पैसे गेले. आतापर्यंत आलेल्या जवळजवळ प्रत्येकानं फॉर्म भरलेला होता, आणि भरताना आपण हार मानली असं प्रत्येकाला वाटलेलं होतं. मी तो फॉर्म भरायलाच सांगते. निकालाच्या अधीन राहून भरतो आहोत, अशी एक ओळ अर्जासोबत लिहून द्यायला सांगते. त्या ओळीचा कायदेशीर उपयोग थोडाच, पण पोरं ती फार मन लावून लिहितात.

उशीर का होतो, हे मला कोर्टात कळलं नाही. नोटीस स्वतः नेऊन बजावण्याची मुभा मिळाली की ती घेऊन परीक्षा विभागाच्या इमारतीत जावं लागतं, तिथे कळलं. (विद्यापीठाचं नाव लिहीत नाही. खंडपीठाच्या हद्दीत नंदुरबारपासून लातूरपर्यंत बारा जिल्हे आहेत आणि विद्यापीठं एकाहून जास्त.) आवक-जावकच्या टेबलावर शिक्का मिळेपर्यंत बसून राहावं लागतं, आणि बसून राहिलं की माणसं बोलतात. पुनर्मूल्यांकनाच्या कक्षात उत्तरपत्रिकांचे गठ्ठे भिंतीला लावून रचलेले होते. पहिली तपासणी कॅप सेंटरवर होते, म्हणजे एका ठिकाणी सगळे परीक्षक बोलावून, आणि ते काम विषयवार, लोंढ्यानं उरकतं. पुनर्मूल्यांकनाला मात्र एकेक उत्तरपत्रिका त्या लोंढ्यातून उलटी शोधून काढावी लागते. गठ्ठा शोधा, सीट नंबर जुळवा, आधीचे मार्क झाका, नवा परीक्षक नेमा, त्यानं यायला हवं. दोघांच्या मार्कांत फार तफावत निघाली तर तिसरा.

‘शोधायचं काही नाही मॅडम, ते आम्ही करतो,’ तिथला कंत्राटी कारकून म्हणाला. ‘सर लोक येत नाहीत.’ पहिल्या तपासणीला पत्र गेलं की प्राध्यापकांना यावं लागतं. पुनर्मूल्यांकनाला चार उत्तरपत्रिकांसाठी कोण दीडशे किलोमीटर येणार? मानधन तुटपुंजं, प्रवासभत्त्याची बिलं पडून. विषय दुर्मिळ असला तर परीक्षकच दोन-तीन, त्यातला एक निवृत्त, एक त्याच कॉलेजचा म्हणून चालत नाही. विनाअनुदानित कॉलेजांत तासिका तत्त्वावर शिकवणाऱ्यांना परीक्षक नेमता येतं की नाही यावर वेगळीच टिपणी फिरत असते. कुणी दुष्टपणा करत नाही. गठ्ठा भिंतीला टेकून बसलेला असतो आणि त्याला हलवण्यात कुणाचंच काही अडलेलं नसतं.

२०१७ मध्ये मुंबई विद्यापीठात जे झालं ते सगळ्यांना आठवत असेल. त्या उन्हाळ्यात सतरा लाखांच्या आसपास उत्तरपत्रिका एकदम संगणकाच्या पडद्यावर तपासायला घेतल्या आणि सगळंच कोलमडलं. राज्यपालांनी कुलपती या नात्यानं ३१ जुलै ही तारीख घालून दिली, तीही चुकली. शेवटचे निकाल सप्टेंबरात लागले. विधी शाखेचे विद्यार्थी उच्च न्यायालयात गेले, विधिमंडळात गदारोळ झाला आणि ऑक्टोबरात कुलगुरूंना पदावरून दूर केलं गेलं. तो उशीर सर्वांचा होता, म्हणून दिसला. पुनर्मूल्यांकनाचा उशीर विखुरलेला असतो. एका कॉलेजात दोघं, दुसऱ्यात पाच, तेही वेगवेगळ्या विषयांचे. त्यांचा मोर्चा निघत नाही. ज्यांचं पहिल्या निकालात भागलं ते पुढे निघून गेलेले असतात, आणि मागे राहिलेल्याला घरातही ऐकावं लागतं की अभ्यास केला असता तर ही वेळ आली नसती.

तर याचिका. दाखल झाली की आधी स्टॅम्प नंबर पडतो, मग ऑफिसच्या हरकती. पान अस्पष्ट आहे, झेरॉक्सची टंकलिखित प्रत जोडा, मराठी कागदाचं भाषांतर जोडा. त्यातच दोन दिवस जातात आणि पोरांचा जीव वरखाली होतो. मग सकाळी कोर्टापुढे तातडीचं कारण सांगून तारीख मागायची. खंडपीठ विचारतं, एवढी काय घाई? तेव्हा ती पुढची शेवटची तारीख सांगायची. सुरुवातीला मी पावतीबरोबर तीच का विचारते, ते इथे कळतं. मार्कांवर अन्याय झाला असं म्हटलं तर प्रकरण चार आठवड्यांनी. शनिवारी प्रवेश बंद होतोय म्हटलं तर परवा.

परवा विद्यापीठाचे वकील उभे राहतात आणि सूचना घेण्यासाठी वेळ मागतात. दोन दिवस मिळतात. आणि त्या दोन दिवसांत, बहुतेकदा रात्री, निकाल लागतो. मुलीचा फोन येत नाही, आधी स्क्रीनशॉट येतो. दुसऱ्या दिवशी पॅनलचे वकील हसतमुखानं सांगतात की निकाल जाहीर झाला आहे, आता काही उरत नाही. न्यायमूर्ती माझ्याकडे बघतात. मी हो म्हणते. तीन ओळींचा आदेश होतो. याचिका निकाली.

पहिल्यांदा असं झालं तेव्हा मी सिनिअरांच्या चेंबरमध्ये ज्युनिअर होते आणि मला विजय झाल्यासारखं वाटलं. मुलगी अंबाजोगाईकडची होती, भौतिकशास्त्रात चौदा मार्क वाढून पास झाली. तिच्या वडिलांनी पेढे आणले. सर पेढा खात म्हणाले, ‘चांगलं झालं. पण यात रिपोर्ट होण्यासारखं काही नाही.’ म्हणजे हा आदेश कुणी छापणार नाही, पुढच्या प्रकरणात कुणी दाखवणार नाही. मला ते बोलणं तेव्हा कोरडं वाटलं. पुढे माझ्या स्वतःच्या फायली साचल्या, त्या चाळताना तेच दिसलं. वर्ष वेगळं, विषय वेगळा, शेवटचं पान तेच. उशीर बेकायदा होता की नाही, यावर एकाही आदेशात अक्षर नाही, कारण ते ठरवायची वेळ यायच्या आतच उशीर संपवला जातो. जिथे विद्यापीठ हरण्याची शक्यता असते तिथे ते निकाल लावून मोकळं होतं, आणि जिथे जिंकण्याची शक्यता असते तिथे, म्हणजे मार्कांच्या प्रकरणात, शेवटपर्यंत लढतं. त्यामुळे पुस्तकात एकाच बाजूचे निवाडे जमतात. यात कुणाचं कारस्थान नाही. कुठलाही शहाणा वकील आपल्या पक्षकाराला हेच सुचवेल, मीही सुचवलं असतं.

एकदा कॅन्टीनमध्ये पॅनलवरचे एक ज्येष्ठ वकील चहा पिता पिता म्हणाले, ‘ताई, तुमची नोटीस आली की आमच्या लोकांना गठ्ठा सापडतो. तुम्ही आणखी याचिका करा, आमचीही फी निघते.’ थट्टाच होती. पण परीक्षा विभागातल्या त्या कारकुनाला मी पुढे कधीतरी विचारलं, की आमची एक उत्तरपत्रिका दोन दिवसांत कशी तपासून झाली? तो म्हणाला, जळगावकडून सरांना गाडी पाठवून आणलं. मग त्याच विषयाच्या बाकीच्या पडलेल्या उत्तरपत्रिका त्यांच्याच हातात का नाही दिल्या? ‘आदेश एकाच सीट नंबरचा होता ना मॅडम. बाकीच्यांचं मास्किंग झालेलं नव्हतं.’ सर आले, एक पेपर तपासला, जेवले आणि गेले. भिंतीला टेकलेल्या उरलेल्या गठ्ठ्यात त्याच विषयाची पोरं होती, त्यांनी फी आमच्या मुलीच्या आधी भरलेली असू शकते. रेशनच्या रांगेत ओळखीच्या माणसाला मागच्या दारानं साखर मिळावी तसं हे झालं, फक्त इथे मागच्या दाराला उच्च न्यायालयाचा शिक्का होता. आपल्या पक्षकाराला लवकर न्याय मिळवून देणं हे माझं काम आहे आणि ते मी करते. तरी या उत्तरानंतर याचिका लिहिण्याची माझी पद्धत बदलली.

अशा याचिका करण्याची ऐपत कुणाची, हाही प्रश्न आहेच. खंडपीठ इथे १९८१ पासून आहे म्हणून नांदेडचा मुलगा रात्रीच्या एसटीनं निघून सकाळी येऊ शकतो. सिंधुदुर्ग-कोल्हापूरकडच्या मुलांना ऑगस्ट २०२५ मध्ये कोल्हापूरचं सर्किट बेंच सुरू होईपर्यंत यासाठी मुंबईच गाठावी लागत होती. टंकलेखन, झेरॉक्सचे संच, कोर्ट फी, वकिलाची फी, वडिलांचा बुडालेला रोज. मी या प्रकरणांत फी कमी घेते, पण फुकट नाही. फुकट घेतली की लोक कागद आणून द्यायला विसरतात, हा माझा अनुभव आहे आणि त्यावर मी वाद घालत नाही.

सगळ्यांचे मार्क वाढतात असंही नाही. लातूरकडचा एक मुलगा याचिका करून निकाल मिळवून बसला, आणि त्याचे मार्क तीननं कमी झाले. कमी झाले तरी बंधनकारक राहतील, अशी हमी त्यानं अर्जावर सही करून दिली होती. तो हसला आणि म्हणाला, ‘निदान कळलं तरी.’ मग शांतपणे बॅकलॉगच्या अभ्यासाला लागला. उशिराची झळ नेमकी इथे असते. नापास ठरलेला मुलगा अभ्यासाला लागतो, पास झालेला पुढे जातो. ज्याचं ठरलेलंच नाही तो दोन्ही करू शकत नाही. परीक्षेच्या आदल्या आठवड्यापर्यंत त्याला पुस्तक उघडवत नाही, कारण उघडणं म्हणजे आपण नापास आहोत हे मान्य करणं.

सगळ्यांसाठी मागण्याचा प्रयत्न मी पहिल्यांदा पाहिला तो एका विधी शाखेच्या विद्यार्थ्याचा. वकील न लावता तो स्वतः उभा राहिला होता. इंग्रजी अडखळत होतं, पण त्याची विनंती स्पष्ट होती: माझ्यासह ज्यांचे अर्ज मुदतीबाहेर पडून आहेत त्या सर्वांचे निकाल लावा. न्यायमूर्तींनी विचारलं, तुम्ही जनहित याचिका केली आहे का? केली नव्हती. जनहित याचिकेचे २०१० चे नियम वेगळे, ती वेगळ्या पीठापुढे जाते. शिवाय ज्याचा स्वतःचा निकाल अडलाय त्याच्या हेतूवर पहिला प्रश्न तोच येतो. शेवटी आदेश त्याच्यापुरता झाला, इतरांना विद्यापीठाकडे दाद मागायची मुभा. तो पास झाला, आता बीडला वकिली करतो.

मी मात्र त्याच्या विनंतीतला ‘सर्वांसाठी’ मागण्याचा भाग उचलला. आता माझ्या प्रत्येक याचिकेत दोन कलमं जादा असतात. एक, पुनर्मूल्यांकनाचा निकाल लागेपर्यंत त्या विषयाच्या फेरपरीक्षेच्या फॉर्मची मुदत संपवू नये. दुसरं, पुनर्मूल्यांकनात पास झालेल्याची फेरपरीक्षेची फी परत करावी. निकाल लागला तरी ही दोन कलमं मरत नाहीत, निदान मला तसं म्हणता येतं. बहुतेक वेळा न्यायमूर्ती म्हणतात, तुमच्या पक्षकाराचं काम झालं ना? आणि पक्षकारच मागून पदर ओढतो, की मॅडम, झालं ना, चला.

एकदाच यातलं फीचं कलम थोडं पुढे गेलं. एकाच कॉलेजच्या बी.एस्सी.च्या मुलांची मिळून याचिका होती. नेहमीप्रमाणे आदल्या रात्री निकाल लागले, त्यातली निम्म्याहून अधिक पास. पॅनलचे वकील म्हणाले, काही उरत नाही. मी फीच्या पावत्या पुढे केल्या. खंडपीठानं त्या पाहिल्या आणि विद्यापीठाला प्रतिज्ञापत्र मागितलं: किती अर्ज पडून आहेत, कधीपासून, आणि फीचं काय करणार. प्रतिज्ञापत्र यायला वेळ लागला. आलं त्यात रिक्त पदं होती, परीक्षकांची अनुपलब्धता होती आणि यापुढे सर्वतोपरी प्रयत्न करण्याचं आश्वासन होतं. पडून असलेल्या अर्जांचा आकडा नव्हता. मी तो मुद्दा काढणार होते, पण मध्ये दिवाळीची सुट्टी आली, नंतर रोस्टर बदललं आणि प्रकरण दुसऱ्या पीठापुढे गेलं. तिथे आदेश झाला की मुलांनी विद्यापीठाकडे निवेदन द्यावं आणि विद्यापीठानं त्यावर सहा आठवड्यांत निर्णय घ्यावा.

विद्यापीठानं निर्णय घेतला, आणि मुदतीच्या आत घेतला, हे नोंदवायला हवं. फी परत करण्याची तरतूद अध्यादेशात नसल्यानं विनंती अमान्य. सहीशिक्क्यानिशी, प्रत्येकाला स्वतंत्र पत्र. उशिराच्या प्रकरणात विद्यापीठाचा असा लेखी निर्णय पहिल्यांदाच माझ्या हाती आला होता. या नकाराला आव्हान देता आलं असतं, आणि त्यात निकाल लावून सुटका करून घेण्याची सोयही नव्हती. न्यायालयाला काहीतरी लिहावंच लागलं असतं. मी सगळ्या मुलांना फोन केले. एक जण पुण्याला एका औषध कंपनीत लागला होता, दोघींची लग्नं ठरली होती, बाकीचे एम.एस्सी.च्या पहिल्या सेमिस्टरमध्ये होते. परत मिळणारी फी एसटीच्या जाण्यायेण्याच्या भाड्याहूनही कमी होती. ‘मॅडम, तुम्हीच करा ना आमच्या वतीनं,’ एक जण म्हणाला. मी त्याला वकीलपत्रावर सही करून पाठवायला सांगितलं आहे.